"रोल मिळाले नाहीत" म्हणजे कोणी दिले नाहीत?

गेल्या दिवाळीत आईला लॅपटॉपवर 'ब्लॅक नार्सिसस' दाखवला. १९४७ चा ब्रिटिश सिनेमा, गोष्ट दार्जिलिंगच्या बाजूची, पाच इंग्लिश नन्स डोंगरकड्यावरच्या एका जुन्या जनानखान्याच्या वाड्यात शाळा आणि दवाखाना चालवायला येतात आणि तिथला वारा, ती उंची, तो एकटेपणा, यानं एकेकीचं काहीतरी बिनसत जातं. आई मटार सोलत बघत होती, म्हणजे लक्ष निम्मंच. मग तो सीन आला. सिस्टर रूथनं ननचा झगा टाकून दिलाय, गडद लाल ड्रेस घातलाय, ही कुठे जाऊ नये म्हणून मोठी सिस्टर समोर बायबल घेऊन बसलीये, मधे मेणबत्ती. रूथ लिपस्टिक काढते आणि लावते. बास, एवढंच. सावकाश, समोरच्या बाईकडे बघत, ओठाच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत. मटाराची शेंग आईच्या हातात तशीच. म्हणाली, "ही वेडी नाहीये गं, हिला राग आलाय." मग दोन मिनिटांनी, "कोण ही? पुढे काय केलं हिनं?"

तिचं नाव कॅथलीन बायरन. जन्म १९२१ चा, लंडनच्या वेस्ट हॅम भागातला, वारली २००९ मध्ये. सिनेमात मेन हिरॉइन डेबरा कर होती, तिचं नाव जुने इंग्लिश पिक्चर बघणाऱ्या आपल्याकडच्या लोकांनाही माहीत असतं. बायरनचं नाव सिनेमावेडे सोडले तर कोणाला माहीत नाही, इंग्लंडातही नाही. आणि आईच्या प्रश्नाचं उत्तर शोधायला गेलं की तिच्याबद्दल जे काही थोडंफार लिहिलंय त्यात फिरून फिरून एकच वाक्य येतं: पुढे तिला तशा तोडीचे रोल मिळाले नाहीत.

माझं भांडण त्या वाक्याशी आहे. मिळाले नाहीत. म्हणजे पाऊस पडला नाही, बस मिळाली नाही, तसं. या वाक्याला कर्ताच नाहीये. रोल काय आभाळातून पडतात का? कोणीतरी स्क्रिप्ट लिहितं, कोणीतरी नावांची यादी करतं, कोणीतरी त्या यादीतल्या एका नावावर काट मारतं, कोणीतरी पगाराचा आकडा ठरवतं. ही सगळी माणसं खुर्चीत बसून पगार घेऊन हे निर्णय करत होती. नोकरभरतीला आपण नशीब म्हणत नाही, मग सिनेमातल्या भरतीलाच का म्हणतो?

आता गंमत अशी की स्वतः दिग्दर्शकानंच हे आधी बोलून ठेवलं होतं. मायकेल पॉवेलनं तिला रूथचा रोल देतानाच सांगितलं होतं म्हणे, की अडचण एवढीच आहे की एवढा चांगला रोल तुला आयुष्यात परत मिळणार नाही. ही गोष्ट ती स्वतःच पुढे सांगायची. लोकांना यात काहीतरी भविष्यवाणी वगैरे दिसते. मला वाटतं त्याला भविष्य कळत नव्हतं, त्याला धंदा कळत होता. त्या धंद्यात पंचवीस वर्षांच्या बाईला एवढा मोठा रोल एकदाच सापडतो आणि तो जर वाईट बाईचा असेल तर पुढे ती बाई तेवढ्याच कामाची राहते, हे आतल्या माणसाला १९४६ मध्येच माहीत होतं.

आणि रोल किती चांगला केला तेही बघायला हवं. सिनेमात हिमालयातलं काहीही शूट झालेलं नाही, सगळं लंडनजवळच्या पाइनवुड स्टुडिओत आणि ससेक्समधल्या एका बागेत, ते डोंगर म्हणजे काचेवर रंगवलेली चित्रं. कॅमेरामन जॅक कार्डिफ आणि कलादिग्दर्शक आल्फ्रेड युंग, दोघांनाही त्यासाठी ऑस्कर मिळालं. एवढ्या सगळ्या खोट्या दगड-धुक्यात रूथचा तो पहाटेचा चेहरा, ओले केस, डोळ्यांच्या कडा लाल, दार उघडून ती घंटेच्या कड्याकडे येते, तो एकटा खरा वाटतो. शेवटचा तो भाग आधी संगीत तयार करून त्याच्या तालावर शूट केलेला आहे, म्हणजे तिला पाऊल आणि मान कुठल्या ठोक्याला हलवायची हे ठरलेलं होतं. इतक्या बांधलेल्या जागेत राग दाखवणं सोपं नाही. वेडेपणा सोपा असतो, डोळे फिरवले की झालं.

शिक्का मात्र वेडेपणाचाच बसला.

पुरावा हवा असेल तर १९४९ हे एकच वर्ष बघा. त्या वर्षी तिचे दोन सिनेमे आले. एक 'द स्मॉल बॅक रूम', 'ब्लॅक नार्सिसस' करणाऱ्या पॉवेल-प्रेसबर्गर जोडीचाच. युद्धाच्या काळातला एक शास्त्रज्ञ, पाय कृत्रिम, तो दुखतो, दुखलं की दारू, आणि त्याच्याच ऑफिसात काम करणारी सूझन. ती त्याच्यावर प्रेम करते पण त्याची आई होत नाही, तो स्वतःची कीव करत बसला की स्पष्ट बोलते, एका टप्प्यावर सरळ निघून जाते. बायरननं हे काम आवाज न चढवता केलंय, ऑफिसातली फाईल पुढे सरकवताना ती ज्या नजरेनं त्याच्याकडे बघते त्यात सगळं घर दिसतं. दुसरा सिनेमा 'मॅडनेस ऑफ द हार्ट', त्यात मार्गारेट लॉकवूड आंधळी झालेली हिरॉइन आणि बायरन तिला छळणारी, जळणारी शेजारीण. म्हणजे बाजारासमोर एकाच वर्षी दोन बायरन होत्या, एक शहाणी नोकरदार बाई आणि एक दुष्ट बाई. पहिला सिनेमा फार चालला नाही. बाजारानं दुसरीला उचललं. पुढची सगळी वर्षं बघा, कारस्थानी बाई, थंड बाई, मत्सरी बाई, १९६२ च्या 'नाइट ऑफ द ईगल'मध्ये प्राध्यापकाची कुढणारी बायको. ती अजून काय करू शकते हे कोणाला माहीत नव्हतं असं म्हणायला जागाच नाही. माहीत होतं, पडद्यावर होतं.

आणि यातली मला सगळ्यात बोलकी वाटणारी गोष्ट कोणी फार सांगत नाही. १९५१ मध्ये तिला एका सिनेमात सरळ, चांगल्या, कष्टाळू बाईचा मेन रोल मिळाला. कोणी दिला? सरकारनं. 'लाइफ इन हर हॅन्ड्स', सरकारच्या क्राउन फिल्म युनिटनं केलेला. १९४८ मध्ये नॅशनल हेल्थ सर्व्हिस सुरू झाली, हॉस्पिटलं सरकारी झाली आणि नर्सेस कमी पडायला लागल्या, तर तरुण मुलींनी नर्सिंगला यावं म्हणून हा प्रचाराचा सिनेमा. त्यात बायरन नवरा गेल्यावर नर्सिंग शिकायला येणारी विधवा आहे. ज्या चेहऱ्याकडे बघून स्टुडिओवाल्यांना "विखारी" सुचायचं त्याच चेहऱ्याकडे बघून मुलींना विश्वास वाटेल असं सरकारी खात्याला वाटलं, कारण त्यांना तिकीट विकायचं नव्हतं. चेहरा तोच. निवडणारा बदलला की रोल बदलला. यापेक्षा सरळ प्रयोग शाळेतल्या विज्ञानाच्या पुस्तकातही सापडायचा नाही.

बरं, यावर लोक म्हणतात की तो काळच वाईट होता, एकट्या तिचं काय. काळ वाईट होता हे खरंय. १९४६ मध्ये ब्रिटनमध्ये वर्षाला साधारण १६३ कोटी तिकिटं विकली गेली, त्या देशाची लोकसंख्या पाच कोटीच्या आत असताना, आणि १९६० पर्यंत ती ५० कोटींवर आली, टीव्ही घराघरात गेला. त्यात १९४७ च्या ऑगस्टमध्ये सरकारनं डॉलर वाचवायला अमेरिकन सिनेमांवर ७५ टक्के कर लावला, हॉलिवूडनं सिनेमे पाठवणंच बंद केलं, रँक या बड्या ब्रिटिश सिनेमा कंपनीनं ती पोकळी भरायला धडाधड सिनेमे काढले, आणि १९४८ च्या वसंतात समझोता होऊन कर उठला तेव्हा अमेरिकन सिनेमांचा साठलेला लोंढा एकदम आला. रँकचं बँकांचं देणं १ कोटी ६० लाख पौंडांच्या वर गेलं. मग खर्चात कपात, स्टुडिओ बंद, करारावरच्या नट-नट्यांना नारळ. हे सगळं बायरनच्या भर उमेदीच्या वर्षांत, म्हणजे वय सत्तावीस-अठ्ठावीस.

पण काळ सगळ्यांवर सारखा पडला नाही ना! युद्ध चालू असताना ब्रिटिश सिनेमाला बायकांची गरज होती, फॅक्टरीतल्या बायका, सैन्यातल्या बायका, 'मिलियन्स लाइक अस', 'द जेंटल सेक्स' असे सिनेमे निघाले, युद्ध संपता संपता गेन्सबरो स्टुडिओत लॉकवूड घोड्यावर बसून दरोडे घालत होती आणि थिएटरं भरत होती. पन्नासचं दशक आलं आणि तेच युद्ध परत पडद्यावर आलं, पण आता त्यात बायका नाहीत. 'द क्रुएल सी', 'द डॅम बस्टर्स', 'रीच फॉर द स्काय', सगळीकडे पाइप ओढणारे ऑफिसर आणि धुकं आणि विमानं. बाईचं काम काय, तर खिडकीशी उभं राहणं, फोन वाजला की दचकणं. म्हणजे धंदा बसला हे खरं पण जेवढा उरला तेवढ्यात कुणाच्या गोष्टी सांगायच्या हे कोणीतरी ठरवलंच की.

आणि इथे हा प्रश्न सार्वजनिक होतो असं माझं म्हणणं आहे, कारण हा धंदा काही खाजगी मामला नव्हता. ब्रिटिश सरकारनं कायदा करून थिएटरांना देशी सिनेमे दाखवायला लावले होते, १९४८ मध्ये मुख्य सिनेमांचा हा कोटा ४५ टक्के केला, पुढे ३० वर आणला. १९४९ मध्ये सिनेमांना कर्ज द्यायला सरकारी महामंडळ काढलं. १९५० पासून तिकिटाच्या पैशातून ईडी लेव्ही म्हणून वर्गणी कापून ती देशी निर्मात्यांकडे वळवली. जनतेचा पैसा, जनतेचा कायदा. आणि या सगळ्यात हिशोब कशाचा, तर सिनेमा ब्रिटनमध्ये बनला का, किती मजुरी ब्रिटिश लोकांना गेली. त्यातल्या किती सिनेमांत बाईला खिडकीशी उभं राहण्यापलीकडे काम आहे, हा कॉलम त्या फॉर्ममध्ये नव्हता. कोणाच्या डोक्यातही आला नसेल. जहाजबांधणीला सबसिडी दिली असती आणि कारखान्यानं अर्ध्या कामगारांना फक्त झाडू मारायला ठेवलं असतं तर पार्लमेंटमध्ये कोणीतरी उठून विचारलं असतं. सिनेमात मात्र हे "कलात्मक निर्णय" होऊन जातं. कोणी म्हणेल की मग काय सरकारनं कास्टिंग करायचं का. नाही हो. पण ज्याला जनतेचे पैसे हवेत त्याला जनतेनं दोन प्रश्न विचारले तर कला मरत नाही, क्राउन फिल्म युनिटचंच उदाहरण वर दिलंय. (ते युनिट १९५२ मध्ये सरकारनं काटकसर म्हणून बंद केलं, असो.)

नशिबाची थिअरी मोडायला अजून एक जागा. १९५३ चा हॉलिवूडचा 'यंग बेस', राणी पहिल्या एलिझाबेथच्या तरुणपणावरचा. त्यात 'ब्लॅक नार्सिसस'मधल्या तिघी परत एकत्र आल्या, सहा वर्षांनी. जीन सिमन्स हिरॉइन, डेबरा कर राणी कॅथरीन पार, आणि बायरन खालच्या यादीत सरदाराची खवचट बायको. तिघी एकाच सेटवर. फरक गुणांचा होता का? कर उत्तमच होती, वाद नाही. पण तिच्यामागे एमजीएम स्टुडिओची सगळी जाहिरातबाजी होती, तिच्या आडनावाचा उच्चार कसा करायचा हे अमेरिकन लोकांना शिकवण्यापासून. आणि तिच्यावरही शिक्का बसलाच होता, सोज्वळ सुसंस्कृत बाईचा. तिनं एजंट बदलला, धडपडून त्याच वर्षी 'फ्रॉम हिअर टू इटर्निटी'मधला बदफैली बायकोचा रोल मिळवला आणि शिक्का फोडला. म्हणजे शिक्का फुटतो, पण तो फोडायला मागे वजन लागतं. सिमन्सचा तर करारच रँकनं हॉलिवूडचा स्टुडिओमालक हॉवर्ड ह्यूज याला विकून टाकला होता, तिला न विचारता, आणि त्या जाचातून सुटायला तिला १९५२ मध्ये कोर्टात जावं लागलं. जिचं सगळ्यात चांगलं चाललं होतं तिची ही कथा. आणि तरी आपण म्हणायचं, रोल मिळाले, रोल मिळाले नाहीत.

पुरुषांचंही असंच होतं, हा मुद्दा मला मान्य आहे, अर्धा. 'ब्लॅक नार्सिसस'चा हिरो डेव्हिड फॅरर, तोही हॉलिवूडला जाऊन खलनायकच झाला आणि १९६२ मध्ये झर्क्सिस राजा करून त्यानं काम थांबवलं. पण तेव्हा तो चोपन्न वर्षांचा होता. बायरनवर काट बसली तेव्हा ती तिशीचीही नव्हती.

आणि याच सिनेमातला दुसरा माणूस, ज्याच्याबद्दल आपण बोललं नाही तर कोण बोलणार? साबू. म्हैसूरच्या माहुताचा पोरगा, 'एलिफंट बॉय' सिनेमासाठी १९३०च्या दशकात उचलून इंग्लंडला नेलेला, युद्धात अमेरिकन विमानदलात शेपटाकडची मशीनगन चालवून पदक मिळवलेला. 'ब्लॅक नार्सिसस'मध्ये तो तरुण राजपुत्र आहे, अत्तर लावून शाळेत येणारा. आणि त्याच्या समोर कांची नावाची पहाडी मुलगी, ती जीन सिमन्स, अंगाला तपकिरी रंग फासून, आख्ख्या सिनेमात एक शब्द न बोलता. आपण स्वतंत्र व्हायच्या काही महिने आधी लंडनमध्ये हा सिनेमा लागला होता. सिमन्सनं घरी जाऊन तो रंग धुतला आणि पुढच्या रोलला गेली. साबूला धुता येण्यासारखं काही नव्हतं, त्याच्या वाट्याला परत परत जंगल आणि हत्ती आणि पागोटं, दिवसेंदिवस स्वस्त होत गेलेलं, आणि १९६३ मध्ये एकोणचाळीसाव्या वर्षी तो गेला. बायरनवरचा अन्याय मोठा करून सांगताना मला हे मधे मधे टोचत राहतं. दोघांना कापणारी कात्री एकच होती, साबूच्या बाजूला ती जास्त खोल गेली एवढंच.

आता दुसऱ्या टोकाची एक सवय असते, "विस्मृतीत गेलेली शोकांत नायिका" वगैरे. तेही मला पटत नाही. युद्धानंतरच्या ब्रिटिश सिनेमात खऱ्या शोकांतिका झाल्यात. सुझन शॉ घ्या, रँकच्याच नव्या मुली घडवायच्या शाळेतून आलेली, नवरा अपघातात गेल्यावर दारूच्या आहारी गेली, १९७८ मध्ये वारली तेव्हा जवळ काही उरलं नव्हतं. बायरनचं तसं नाही. तिनं १९५३ मध्ये अलारिक जेकब नावाच्या पत्रकाराशी दुसरं लग्न केलं, संसार केला, आणि जवळजवळ साठ वर्षं काम केलं. १९७१ मध्ये हॅमर या भयपटवाल्या कंपनीच्या व्हॅम्पायरवाल्या 'ट्विन्स ऑफ ईव्हिल'मध्ये पीटर कुशिंगची बायको, १९७२ मध्ये बीबीसीच्या 'द गोल्डन बोल'मध्ये एक मोठं, बोलकं, बुद्धिमान काम, १९८० मध्ये 'द एलिफंट मॅन'मध्ये छोटंसं, १९९६ च्या 'एमा'मध्ये शाळेच्या बाई. रोज सकाळी उठून कामावर जाणाऱ्या बाईचा हा बायोडेटा आहे. तिला बिचारी म्हणणारे लोक आणि तिला व्हॅम्प म्हणणारे लोक, दोघंही तिच्या कामाकडे न बघताच बोलतात. माझी तक्रार तिच्या आयुष्याबद्दल नाहीच, आपण कशाकशाला मुकलो त्याबद्दल आहे. सूझनसारख्या अजून दहा बाया तिनं केल्या असत्या, तीस ते पन्नास या वयातल्या, ज्या वयातली बाई त्या सिनेमांत जवळपास गायबच आहे.

आईला मी हे सगळं सांगितलं नाही, एवढं कोण ऐकतं. तिला 'सेव्हिंग प्रायव्हेट रायन'चा शेवट लावून दाखवला, १९९८ चा. हा सिनेमा मी आधी दोनदा बघितला होता आणि मला कळलं नव्हतं. नॉर्मंडीची दफनभूमी, पांढरे क्रूस, म्हातारा रायन आपल्या कॅप्टनच्या क्रूसापुढे उभा, आणि त्याच्या जवळ येणारी पांढऱ्या केसांची बायको, ती कॅथलीन बायरन. वय सत्त्याहत्तर. तो रडत रडत तिला विचारतो की मी चांगला माणूस आहे ना, सांग ना. तीन तासांच्या सिनेमात तिचं काम एवढंच, की हो म्हणायचं. पन्नासच्या दशकात खिडकीशी उभ्या असलेल्या बायकांचं जे काम होतं तेच, फक्त आता खिडकी नाही. ती आधी जराशी गोंधळते, काय विचारतोय हा, मग त्याच्या चेहऱ्यावर नजर ठेवून उत्तर देते, आणि त्या दोन-तीन सेकंदांत बघा, ती खरंच विचार करून सांगतेय.